गाळलेली पानं

बेबाबाईंचा कुणावर पटकन विश्वास बसत नसे, आणि त्याचं त्यांना कधी वाईटही वाटलं नाही. धुळ्याला मुलींच्या वसतिगृहात त्या गृहपाल होत्या. सारी नोकरी तिथेच गेली. "मामाकडे जाऊन येते" म्हणणारी पोरगी खरंच मामाकडे निघालीय की सिनेमाला, हे त्यांना तिच्या आवाजावरून कळायचं. उशीच्या अभ्र्यात, पेटीच्या तळाशी, एकदा तर पिठाच्या डब्यात दडवलेली कादंबरी त्यांनी शोधून काढली होती. जप्त केलेली पुस्तकं ऑफिसच्या कपाटात जायची आणि परीक्षा झाल्यावरच परत मिळायची. "जी माणसं जन्मालाच आली नाहीत, त्यांची लफडी वाचून तुम्हाला काय मिळतं गं?" असं त्या विचारायच्या आणि पोरी खाली माना घालून हसायच्या.

अशा बेबाबाईंना सत्तरीच्या घरात सून कादंबऱ्या वाचून दाखवू लागली, ती डोळ्यांपायी.

निवृत्त झाल्यावर त्या जळगावला, पिंप्राळ्यात मुलाकडे राहायला आल्या. मुलगा भूपेंद्र याचं रावेरला ठिबकच्या नळ्यांचं दुकान. सकाळी डबा घेऊन निघायचा तो दिवेलागणीला परतायचा. नात पुण्याला शिकायला. दिवसभर घरात बेबाबाई आणि सून हेमांगी, दोघीच. बेबाबाईंचा उजवा डोळा काचबिंदूनं आधीच नेला होता. डावा राहिला होता, पण त्याचीही नजर चहूबाजूंनी आवळत आली होती. समोर कुणी उभं राहिलं की त्याचं नाक तरी दिसे, नाहीतर ओठ तरी. सबंध चेहरा एकदम काही हाती लागत नसे. पेपरातला अर्धा शब्द सापडे, उरलेला अर्धा शोधेपर्यंत पहिला हरवे आणि कपाळ ठणकायला लागे. डॉक्टरांकडे तपासणी झाली तेव्हा त्या डोळ्यांत औषध घालून बाहेर बाकावर बसल्या होत्या, भूपेंद्र आत होता. "थेंब नियमानं टाकायचे, आहे ते टिकेल, असं म्हणाले," एवढंच त्यानं बाहेर येऊन सांगितलं.

मग हेमांगी त्यांना पेपर वाचून दाखवू लागली. पण पेपर लवकर संपायचा आणि फाल्गुनातली दुपार सरता सरायची नाही. एक दिवस हेमांगी भाजी घेऊन येताना दत्ताच्या देवळाजवळच्या वाचनालयातून एक पुस्तक घेऊन आली.

"काय आहे ते?" बेबाबाईंनी कागदाच्या वासावरूनच विचारलं.

"कादंबरी आहे, आई. खुनाची."

"मला नको. खोट्यानाट्या गोष्टी ऐकायचं वय आहे का माझं?"

"मग मी माझ्यासाठी मोठ्यानं वाचते. तुम्ही नका ऐकू."

बेबाबाई भिंतीकडे तोंड करून पडल्या. दुसऱ्या दिवशीही पडल्या. तिसऱ्या दिवशी हेमांगी एका प्रकरणाच्या शेवटी पाणी प्यायला थांबली, तेव्हा भिंतीकडूनच आवाज आला, "त्या औषधाच्या दुकानवाल्यानं मारलंय."

"कशावरून?"

"जो भेटेल त्याला वेळ विचारतो मेला. हातात घड्याळ असताना."

हेमांगीनं शेवटचं प्रकरण उघडून पाहिलं आणि गपचूप पुन्हा मधलं पान काढलं.

त्या दिवसापासून बेबाबाई इकडे तोंड करून बसायला लागल्या. वाचनालय सांभाळणारे नवलभाऊ पन्नाशीचे, हौशी गृहस्थ. धुळ्याच्या एक कडक बाई पुस्तकं ऐकतात म्हटल्यावर ते दर वेळी काहीतरी निराळं काढून ठेवायचे. एकदोनदा हेमांगीबरोबर बेबाबाईही तिथे जाऊन आल्या होत्या. सातपुड्यात नोकरी केलेल्या नर्सच्या आठवणी आल्या. केळीचा ट्रक घेऊन दिल्लीपर्यंत जाणाऱ्या ड्रायव्हरची हकीकत आली. तांबटांच्या एका घराण्याची चार पिढ्यांची कादंबरी आली. बर्फाच्या खंडावर वर्षभर शास्त्रज्ञांना जेवण करून घालणाऱ्या आचाऱ्याचं पुस्तक आलं, ते ऐकताना जळगावच्या उकाड्यात बेबाबाईंनी पायांवर चादर ओढून घेतली.

कादंबऱ्यांवरचा त्यांचा राग पुष्कळसा निवळला. "हा निदान सांगूनसवरून खोटं बोलतो," त्या म्हणायच्या. संशय आता आत्मचरित्रांवर वळला. मी सांगतो ते सगळं खरं आहे, असं म्हणणारा माणूस दिसला की त्यांच्यातली गृहपाल जागी व्हायची. नर्सबाईंनी लिहिलं होतं की त्या अमुक पाड्यापासून तमुक पाड्यापर्यंत सकाळी निघून जेवणाआधी पोचायच्या. बेबाबाईंनी लगेच वाचन थांबवलं आणि त्याच भागातल्या एका जुन्या विद्यार्थिनीला फोन लावायला लावला. "चढाच्या वाटेनं गेलं तर पोचतं माणूस, मॅडम," ती म्हणाली. त्या दिवसापासून नर्सबाईंवर बेबाबाईंचा जीव जडला आणि त्यांचं पुस्तक संपलं तेव्हा संध्याकाळी त्या जेवल्या नाहीत.

त्यानंतर ते तंबूच्या सिनेमाचं पुस्तक आलं.

लिहिणाऱ्या बाईचं सगळं लहानपण फिरत्या सिनेमाच्या तंबूत गेलेलं. वडील यंत्र चालवायचे, थोरला भाऊ तंबू ठोकायचा, आई पत्र्याच्या खिडकीत बसून तिकिटं फाडायची. जत्रा संपली की सगळा संसार ट्रकवर. बेबाबाईंनी लहानपणी सारंगखेड्याच्या जत्रेत असाच तंबू पाहिला होता, वडिलांच्या खांद्यावर बसून, पडद्याच्या मागच्या बाजूनं, जिथून सगळी माणसं डावखुरी दिसायची. पुस्तकात ते आलं तेव्हा त्या टाळी वाजवून म्हणाल्या, "खरं बोलते आहे ही बाई! डावखुरीच दिसायची!" तंबूतली ती आई त्यांना फार आवडली. गर्दीला दाबात ठेवायची, फुकट्यांना बखोट धरून बाहेर काढायची. "मी असते तर असंच केलं असतं," त्या म्हणायच्या.

आणि एका दुपारी ती आई तंबूच्या दोरीला अडखळून पडली.

हेमांगीचा आवाज तिथे जरा मंदावला. मग पान उलटल्याचा आवाज आला. लगेच दुसरं पान उलटलं. मध्ये शब्द नाही. आणि हेमांगी वाचू लागली, "पुढच्या साली आमचा तंबू नंदुरबारला लागला..."

"थांब. मधलं काय झालं?"

"कुठलं मधलं?"

"ती पडली ना दोरीत पाय अडकून. पुढे?"

"उठली, आई. पुढे काही नाही लिहिलेलं."

"तू दोन पानं उलटलीस."

"चिकटली होती," हेमांगी म्हणाली.

हा आवाज बेबाबाईंनी आयुष्यभर ऐकला होता. घसा किंचित आवळून, वाक्य लवकर संपवून बोललेला. त्या काही बोलल्या नाहीत. वसतिगृहातही त्या पहिल्या दिवशी कधी बोलत नसत.

दुसऱ्या दिवसापासून त्यांचं कथेकडे अर्धं लक्ष आणि हेमांगीच्या बोटांकडे अर्धं. पानं पुन्हा गाळली गेली, एकदा दोन, एकदा बरीच. आणि पुस्तकातली आई नाहीशीच होऊ लागली. तिकिटांच्या खिडकीत आता तिची सून बसायची. "आई कुठे गेली?" बेबाबाईंनी विचारलं. "असेल की तंबूत," हेमांगी म्हणाली. एवढी खमकी बाई नुसती तंबूत असेल? बेबाबाईंना ते पटलं नाही. आळस म्हणावा तर हेमांगी आळशी नव्हती. चावट मजकूर म्हणावा तर तसा तो खुनाच्या कादंबरीत होता, आणि तो तिनं न अडखळता वाचला होता. मग या आईचंच असं काय आहे, जे आपल्याला ऐकवायचं नाही?

त्या दिवशी वाचन संपल्यावर त्या म्हणाल्या, "राहू दे इथे उशाशी." हेमांगी चहा ठेवायला गेली तेव्हा त्यांनी खुणेच्या दोऱ्यापासून चाचपत मागे जाऊन, दोरीत अडखळण्याच्या जागेच्या आसपासची पानं कोपऱ्यात दुमडून ठेवली.

रविवारी भूपेंद्र घरी होता. हेमांगी अंघोळीला गेल्याचं बघून त्यांनी पुस्तक त्याच्या हातात दिलं. "जरा हे दुमडलेलं वाच. हेमांगीचा घसा बसलाय."

भूपेंद्रनं वाचायला सुरुवात केली. दोरी, पडणं, गुडघ्याला खरचटणं. मग तो थांबला. खाकरला. मग म्हणाला, "आईने... आईने मग तिकिटं विकली. लोक आले. खेळ झाला. सगळे खूश झाले."

"असं लिहिलंय?"

"हो."

बेबाबाईंनी पुस्तक परत घेतलं. इतके दिवस त्या लिहिणाऱ्या बाईचं ऐकत होत्या. ती असं लिहिणारच नाही हे त्यांना ठाऊक होतं. गर्दी म्हटलं की ती कुणाच्या खिशातले शेंगदाणे सांडले तेही सांगायची. "सगळे खूश झाले" हे वाक्य भूपेंद्रच्या शाळेतल्या निबंधातलं होतं. म्हणजे नवराबायको दोघंही सामील.

त्याच दुपारी डोळा लागतोय न लागतोय तोच त्यांनी गॅलरीतून भूपेंद्रचं फोनवरचं बोलणं ऐकलं. दबक्या आवाजात चाललं होतं. "नाशिकला कधी घेऊन येऊ आईला? ... नाही, तिला अजून काहीच सांगितलेलं नाही ... हो, आधी तुम्ही तारीख द्या."

नाशिक. बेबाबाई उठून बसल्या. त्यांच्याबरोबर नोकरी केलेल्या भागाबाईला तिच्या मुलानं नाशिकलाच नेलं होतं. देवदर्शनाला म्हणून नेलं आणि वृद्धाश्रमात ठेवून आला. भागाबाईचा एक फोन आला होता, "इथे फार स्वच्छ आहे," एवढंच सारखं म्हणत होती. नंतर फोनही येईनासा झाला.

सोमवारी हेमांगी दळण आणायला गेल्यावर बेबाबाई भिंग घेऊन गॅलरीत बसल्या. ऊन पानावर पडेल अशी खुर्ची सरकवली. डावा डोळा कागदाला लावला. अक्षरं मुंग्यांसारखी निसटत होती. एक शब्द धरायला इतका वेळ लागे की त्याच्या आधीचा कोणता होता ते आठवत नसे. डोळ्यातून पाणी यायला लागलं तरी त्या हटल्या नाहीत. शेवटी हाती लागलं ते इतकंच: "दादा म्हणाला". मग जरा पुढे "नाशिकला". त्याच्या खाली कुठेतरी "आईला सांगू नका". आणि त्याला लागूनच "सवय होईल तिला".

त्यांनी भिंग मांडीवर ठेवलं. सगळं जुळत होतं. पुस्तकातल्या मुलानंही आईला नाशिकला नेऊन टाकली होती, म्हणून ती पुढे दिसेना. म्हणून तर सुनेची जीभ रेटेना. आपल्या घरात जे व्हायचंय तेच समोर छापलेलं, ते कुठल्या तोंडानं वाचणार? आणि दुपारी गोड आवाजात पुस्तकं वाचून दाखवायची ही सगळी तऱ्हा, ती तरी कशासाठी? जाणाऱ्या माणसाचे चार दिवस बरे जावेत म्हणून?

हेमांगीनं जेवायला वाढलं तेव्हा त्यांनी ताट सरकवलं.

"बरं नाही का, आई?"

रागावल्या की बेबाबाई माहेरच्या बोलीवर यायच्या. "माले बठ्ठं समजस," त्या म्हणाल्या.

"सगळं म्हणजे काय समजलं?"

बेबाबाईंनी तिच्याकडे बघितलं. दिसले ते फक्त ओठ. ते घट्ट मिटलेले होते. त्यांना तेवढा पुरावा पुरला.

मंगळवारी सकाळी हेमांगी बाजारात गेली आणि बेबाबाईंनी पुस्तक पिशवीत घातलं, काठी घेतली, दार ओढून घेतलं. जिना त्या कठड्याला धरून, पाय चाचपत उतरल्या. कोपऱ्यापर्यंत भिंतीला हात लावत गेल्या. डोळ्यांच्या कडांनी काहीच दिसत नसल्यामुळे एक स्कूटर एकदम अंगावर आल्यासारखी गेली आणि पोरगा काहीतरी ओरडला. त्यांनी हात वर करून रिक्षा थांबवली. "दत्ताच्या देवळाजवळचं वाचनालय. आणि वाचनालयाच्या दारातच सोडायचं, अलीकडे नाही."

नवलभाऊ त्यांना दारात बघून खुर्चीवरून उठलेच. "अक्का? एकट्या?"

"आधी बसू द्या." त्या बसल्या, पिशवीतून पुस्तक काढलं. "ही दुमडलेली पानं मोठ्यानं वाचा. मागचं पुढचं विचारू नका. एक ओळ गाळलीत तरी मला कळेल."

नवलभाऊंनी चष्मा लावला आणि वाचायला लागले.

"आई दोरीत अडखळली, ते आम्ही हसण्यावारी नेलं. दुसऱ्या दिवशी भर दुपारी ती तिकिटाच्या खिडकीत बसली होती. बाहेर ऊन असं की पत्र्याला हात लावला तर भाजेल. तिनं आत तोंड करून विचारलं, 'दिवे कुणी घालवले रे? अजून माणसं यायचीत.' मी दादाकडे बघितलं, दादानं माझ्याकडे. दिवे लावलेलेच नव्हते. दिवे लावायची वेळच नव्हती ती."

 नवलभाऊंनी पान उलटलं.

"दादा म्हणाला, आपण नाशिकला मोठ्या दवाखान्यात दाखवू. नाशिकच्या डॉक्टरांनी तपासलं आणि आम्हाला बाजूला घेऊन सांगितलं, काचबिंदू..." नवलभाऊ थांबले. त्यांनी चष्म्यावरून बेबाबाईंकडे पाहिलं. "अक्का, पुढे वाचू?"

"वाचा."

"काचबिंदू आहे. एक डोळा गेला, दुसराही जाणार. आईला सांगू नका, हळूहळू सवय होईल तिला. आम्ही सांगितलं नाही. तिनंही विचारलं नाही. आपल्याला दिसत नाही हे ती आमच्यापासून लपवत होती, आणि आम्हाला ते माहीत आहे हे आम्ही तिच्यापासून लपवत होतो. दोन वर्षं आमच्या तंबूत कुणी कुणाशी खरं बोललं नाही. त्या दोन वर्षांत तिला थोडं दिसत होतं. पुष्कळ काही शिकून घेता आलं असतं."

बेबाबाईंना पहिल्यांदा वाटलं ते हायसं. वृद्धाश्रम नव्हता. कुणी त्यांना कुठे टाकून येणार नव्हतं. नाशिक म्हणजे नुसता दवाखाना. त्यांनी मोठा श्वास सोडला. आणि तो सोडून होतो न होतो तोच दुसरी गोष्ट त्यांच्या ध्यानात आली. त्यांनी काठी दोन्ही हातांनी धरली. नवलभाऊंनी पाण्याचा पेला पुढे केला, तो त्यांना दिसलाच नाही. हाताला लागला तेव्हा कळला.

तेवढ्यात नवलभाऊंचा फोन वाजला. हेमांगीचा होता. घरात आई नाही, पुस्तक नाही, म्हटल्यावर तिला दुसरी जागा सुचली नव्हती. पाठोपाठ ती स्कूटर घेऊन आली. ओढणी एका खांद्यावरून लोंबत होती आणि धाप लागली होती.  बेबाबाई स्कूटरवर मागे बसल्या, तिच्या कमरेला घट्ट धरलं आणि घर येईपर्यंत तशाच राहिल्या.

घरात शिरल्यावर त्या पलंगावर बसल्या. "दार लाव. आणि खरं सांग. दुसराही जाणार?"

हेमांगी जमिनीवरच बसली. "हो, आई."

"कधी?"

"नक्की नाही सांगत कुणी. वर्ष म्हणतात, दीड वर्ष म्हणतात. यांनी नाशिकच्या मोठ्या डॉक्टरांना सगळे कागद पाठवलेत. ते काही वेगळं म्हणाले तर मग तुम्हाला सांगायचं, असं ठरलं होतं."

"ठरलं होतं! डोळे कुणाचे, आणि ठरवणार कोण!" बेबाबाईंचा आवाज चढला. "काब्र दपाडतस मनापाइन? मी काय लहान पोर शे?"

"लपवायचं नव्हतं, आई," हेमांगी पुटपुटली. बेबाबाई म्हणाल्या, "आणि हे पुस्तक? हे मुद्दाम आणलंस?"

"नाही हो! मला काय ठाऊक आत काय आहे. नवलभाऊंनी दिलं ते आणलं. वाचता वाचता एकदम ते समोर आलं. मला आवाजच फुटेना. हात आपोआप पुढच्या पानावर गेला."

"मग परत द्यायचं होतंस. दुसरं आणायचं."

"तुम्हाला आवडलं होतं," हेमांगी म्हणाली. "तुम्ही टाळी वाजवली होती."

 बाहेर केळीवाला ओरडत गेला. मग बेबाबाईंनी पिशवीतून पुस्तक काढून तिच्या मांडीवर टाकलं. "पहिल्या दोन पानांचं मी ऐकून आले. नंतरची जी जी गाळलीस, ती काढ आणि वाच."

"आत्ता?"

"आत्ता. रडू आलं तर रड. पण वाचायचं थांबवू नकोस."

हेमांगी वाचू लागली. मध्ये मध्ये तिचा आवाज चिरकत होता. पुस्तकातल्या आईला पुरतं दिसेनासं झालं. काही दिवस ती तंबूच्या कोपऱ्यात नुसती बसून राहिली. मग एके दिवशी खेळ चालू असताना ती एकदम ओरडली, "रीळ तुटतंय!" यंत्रावर बसलेल्या तिच्या नवऱ्याला काहीच जाणवलं नव्हतं, पण दुसऱ्याच क्षणी रीळ खरंच तुटलं. यंत्राच्या आवाजातला बारीक फरक तिला आधी कळला होता. त्यानंतर ती रोज यंत्राशेजारी बसू लागली. रीळ कधी ढिलं पडतंय, कधी तापतंय, ती सांगायची आणि नवरा ऐकायचा. तंबूत खोटं तिकीट घेऊन कुणी शिरला तर कागदावरून बोट फिरवून ती त्याला दारातच धरायची. एकदा तर तिनं एका फौजदाराला धरला. सगळ्या पुस्तकातला सगळ्यात गमतीचा भाग तो होता.

बेबाबाई पुढे सरकून बसल्या होत्या. फौजदाराचं प्रकरण संपलं तेव्हा त्या खरोखर संतापल्या. "इतकी चांगली पानं गाळलीस तू? ही? मला वाटलं ती मेली!"

"मी पुढचं वाचलंच नव्हतं, आई," हेमांगी नाक पुसत म्हणाली. "आईचं नाव दिसलं की पान उलटायचे."

संध्याकाळी भूपेंद्र आला. घरातली हवा त्याला दारातच कळली असावी. बेबाबाईंनी त्याला एवढंच सांगितलं, "डॉक्टरकडे मला ने. मी आत बसणार." त्यानंतर डॉक्टरांची वेळ मिळेपर्यंत त्या त्याच्याशी बोलल्या नाहीत. तो समोर येऊन बसे, औषधाचे थेंब टाके. त्या डोळा वर करत आणि मिटून घेत. सुनेला त्यांनी माफ केलं होतं. मुलाच्या बाबतीत त्यांना वेळ हवा होता.

दवाखान्यात हेमांगी बाहेर थांबली. आत बेबाबाईंनी विचारलं, "दुसरा डोळा किती दिवस चालेल?" डॉक्टरांनी उत्तर द्यायच्या आधी भूपेंद्रकडे पाहिलं. ते डोकं वळल्याचं बेबाबाईंना बरोबर दिसलं.

"त्याच्याकडे नका बघू. मना डोया शेतस. माझ्याशी बोला."

डॉक्टर बोलले. बरंच बोलले. नाशिकच्या डॉक्टरांचंही मत तेच आलं होतं. कदाचित वर्ष, कदाचित थोडं जास्त. थेंबांनी नजर जाणं लांबेल, थांबणार नाही. बेबाबाईंनी मध्ये दोनदा "पुन्हा सांगा" म्हटलं, आणि दोन्ही वेळा तेच उत्तर मिळालं तेव्हा मान हलवली. मग त्यांनी विचारलं की दिसतंय तोवर काय काय शिकून घ्यावं, आणि ते शिकवणारं कुणी आहे का. अशा संस्थेचा पत्ता डॉक्टरांनी भूपेंद्रला सांगायला सुरुवात केली, मग थांबून तो बेबाबाईंना सांगितला.

बाहेर गाडीत बसल्यावर भूपेंद्रला रडू कोसळलं. स्टिअरिंगवर हात ठेवून तो लहान मुलासारखा हुंदके द्यायला लागला. "मला वाटलं, तुला आधीच कळलं तर तू आत्ताच अंथरूण धरशील."

"तू बाप गेल्यावर अंथरूण धरलं होतंस. मी नव्हतं धरलं," बेबाबाई म्हणाल्या. त्या संध्याकाळनंतर त्याच्याशी बोललेलं हे त्यांचं पहिलं वाक्य. मग हात पुढे करून त्यांनी त्याचा खांदा शोधला, आणि तो शांत होईपर्यंत तिथेच ठेवला. "चल. वाचनालयावरून घे. तंबूचं पुस्तक परत द्यायचंय."

नवलभाऊ बाहेर गाडीपर्यंत आले. काय वाचावं आता, असं त्यांनी जरा घाबरतच विचारलं. बेबाबाई म्हणाल्या, "कादंबरी आणा. जाड. आणि आत कुणाला काय होतं, ते मला आधी सांगू नका." नवलभाऊंनी तापीकाठच्या नावाड्यांवरची एक कादंबरी आणून दिली. बेबाबाईंनी ती हातात तोलून पाहिली आणि मागच्या सीटवर हेमांगीकडे दिली.

"घरी गेल्यावर वाचते," हेमांगी म्हणाली.

"आत्ता कर ना सुरू. गाडी चालवायला त्याला कान लागत नाहीत."

हेमांगीनं वाचायला सुरुवात केली. भूपेंद्र सावकाश गाडी चालवत होता. घराच्या दाराशी गाडी लागली तेव्हा नदीला पूर आला होता, एक नाव मधल्या धारेत अडकली होती आणि काठावरून एक बाई आपल्या नवऱ्याला हाका मारत होती. भूपेंद्रनं इंजिन बंद केलं नाही, कारण त्याबरोबर गार वारा बंद झाला असता. शेजारच्या बाई गच्चीवरून बघत होत्या, ही माणसं घरी येऊनही गाडीतून उतरत का नाहीत. प्रकरण संपेपर्यंत तिघंही उतरली नाहीत.